आज्जाची निकेलवाली

खंडेनवमीला तुमच्या घरी काय पुजतात? हिंजवडीतल्या आमच्या टीममध्ये हा प्रश्न फिरवला, तर उत्तरं आली ती अशी : लॅपटॉप, बाइकची किल्ली, मिक्सर आणि एकाकडे चक्क प्लेस्टेशन! मी म्हटलं, ‘आमच्याकडे रिव्हॉल्व्हर.’ दोन सेकंद सगळे गप्प. मग कुणीतरी म्हणालं, ‘कोल्हापूर ना? मग बरोबर आहे.’

नाही हो, तसं काही नाही. आमच्या मंगळवार पेठेतल्या घरात कुणी पैलवान नाही, पुढारी तर नाहीच नाही. पण आज्जानं घेतलेली एक बत्तीस बोअरची स्मिथ अँड वेसन लोखंडी कपाटात आहे. रीतसर लायसन्सवर आहे. आज्जाच्या नंतर ती पप्पांच्या नावावर झाली. लहानपणापासून माझ्यासाठी ती वर्षातून एकदाच दिसणारी गोष्ट. पाटावर तांबडं कापड, त्यावर कोयता, विळी, पप्पांची टूलकिट आणि मधोमध ही. बाकी सगळी हत्यारं काळी, हीच तेवढी चांदीसारखी लखलखीत. आत्या तिला ‘निकेलवाली’ म्हणते. घरात कुणी ‘रिव्हॉल्व्हर’ म्हणतच नाही.

तर २०२४ च्या नवमीला पप्पांनी कपाट उघडलं, केसमधून निकेलवाली बाहेर काढली आणि नुसतं ‘आयला’ म्हणाले.

नळीच्या उजव्या अंगाला तांदळाच्या दाण्याएवढे तीन फोड आले होते. एका ठिकाणी पापुद्रा उचललेला, खाली तांबूस गंज. बाकी अंगावर धुरकट पांढरे डाग, थंडीत चष्म्यावर वाफ धरते तसे. आणि केसच्या पट्ट्यात अडकवलेल्या काडतुसांना हिरवा चिकट थर.

पप्पा त्या वेळी ७२ वर्षांचे. पाटावर बसल्या बसल्याच ते मला म्हणाले, ‘बघ बाळ, एक तर ही तुझ्या नावावर करून घे, न्हाईतर जमा करून टाकू. माझ्यानं आता होत न्हाई.’ दादा, म्हणजे माझा चुलतभाऊ, मध्येच म्हणाला, ‘काका, कशाला टेन्शन घेताय? उद्यमनगरात माझा दोस्त हाय, बफ मारून परत निकेल चढवून देतोय. तासाभरात नवीकोरी!’ आत्यानं हुपरीचं नाव काढलं. तिथं चांदीचं पाणी चढवणारे आहेतच की!

एव्हाना मलाच चेव आला होता. ‘थांबा, मी बघतो,’ म्हटलं. (होय, कोल्हापूरच्या पोरी ‘बघतो’च म्हणतात. पुण्यातल्या रूममेट्स अजून हसतात.)

चांदी नव्हे, चामडीसारखा थर

आधी हे निकेल प्रकरण काय आहे ते सांगते. कारण मलाही तोवर वाटायचं की ती अख्खीच्या अख्खी कसल्यातरी पांढऱ्या धातूची आहे. तसं नसतं. आत साधं पोलाद, वरती निकेलचा पातळ मुलामा. विजेनं मुलामा चढवायची ही पद्धत अमेरिकेत आयझॅक ॲडम्स यानं १८६९ मध्ये पेटंट घेतल्यावर जोरात धंद्यात आली आणि बंदूकवाल्यांनी ती लगेच उचलली. त्या काळची दारू काळी, धुरकट आणि पोलाद खाणारी. त्यात हातांचा घाम. काळपट निळ्या फिनिशपेक्षा निकेल गंजाला जास्त तोंड देतं, म्हणून दमट मुलखात राहणाऱ्यांना ते भारी वाटायचं. आणि कोल्हापूर-राधानगरीच्या पावसाबद्दल मी काय सांगू? आमच्याकडे जुलैमध्ये टॉवेलसुद्धा चार दिवस वाळत नाही.

ओळखायची एक सोपी खूण आहे. बुलेटचा सायलेन्सर असतो तो क्रोमचा, त्याच्या चमकेत निळसर झाक असते. निकेलची झाक किंचित पिवळी, उबदार. आज्जाच्या रिव्हॉल्व्हरवर घोडा आणि चाप तेवढे निकेलचे नाहीत, त्यांवर तांबूस-निळसर ढगांसारखे रंग आहेत. ते कुणी घासून घालवले असं मला वाटायचं. उलट, कंपनीच त्यांना तसं ठेवायची! जुन्या स्मिथ अँड वेसनची ती ओळखच.

मुद्दा हा की चमक म्हणजे धातू नाही, धातूवरची कातडी आहे. ती एकदा गेली की पुन्हा उगवत नाही.

दसऱ्याच्या सकाळी

दुसऱ्या दिवशी, १२ ऑक्टोबरला दसरा. आख्खं गाव संध्याकाळी दसरा चौकात सोनं लुटायला जायच्या तयारीत आणि पप्पा आणि मी सकाळीच लायसन्सचं पुस्तक घेऊन बंदूक दुरुस्तीचं लायसन्स असलेल्या एका दुकानात. पप्पा सोबत होते हे महत्त्वाचं आहे. लायसन्स ज्याचं, त्याच्यासमोर किंवा त्याच्या लेखी परवानगीनंच दुसऱ्यानं हत्यार दुरुस्तीला न्यायचं, असं १९५९ चा शस्त्र कायदा सांगतो. ‘आण रे जरा पिशवीतून’ हा प्रकार इथे चालत नाही.

दुकानातले चाचा शिकलगार. आपल्याकडे सातारा-सांगली-कोल्हापूर पट्ट्यात हे आडनाव भरपूर. फारसीत ‘सैकल’ म्हणजे झिलई, पॉलिश. ती करणारा तो सैकलगर, आणि आपल्या तोंडी शिकलगार. तलवारी-बर्च्या घासून धार लावणाऱ्यांची ही पिढीजात जमात. तेव्हा मी आपली अपेक्षा करून गेले होते, की चाचा एखादा जादूचा डबा काढतील आणि निकेलवाली चमकवून देतील.

चाचांनी तिचं सिलिंडर बाहेर सरकवलं, सहाही घरं उजेडाला धरून रिकामी असल्याची खात्री केली, मग पुन्हा एकदा बोट घालून खात्री केली. भिंग लावलं. बराच वेळ काही बोलले नाहीत. मग विचारलं, ‘घरात कोन घासतंय हिला?’

मी गप्प. पप्पा म्हणाले, ‘बहीण. दर खंडेनवमीला.’

‘कशानं?’

चिंच. कधी भांड्यांची पावडर. कधी समईसाठी आणलेलं पितळेचं पॉलिश. चाळीस वर्षं!

चाचांनी डोक्याला हात लावला. चिंचेतलं आम्ल आणि पावडरीतली खर हे दोन्ही मिळून दरवर्षी थोडं थोडं निकेल उतरवत होतं. दिसायला लखलखाट, पण थर झिजत चाललेला. पितळेच्या बऱ्याच पॉलिशांमध्ये अमोनिया असतो आणि तिथे खरी मेख आहे. पुष्कळदा निकेल चढवण्याआधी पोलादावर तांब्याचा पातळ हात दिलेला असतो. अमोनिया तांब्याला विरघळवतो. मुलाम्याला कुठे बारीक चीर असेल तर तो तिथून आत शिरतो, खालचं तांबं खातो आणि वरचं निकेल रंगाच्या पोपड्यासारखं सुटायला लागतं. आपल्या बंदुकीला खाली तांबं आहे की नाही हे बाहेरून कळत नाही. म्हणून फंडा एकच : निकेलच्या जवळपास अमोनिया आणायचाच नाही. बंदुकीची नळी साफ करायच्या काही जुन्या प्रकारच्या सॉल्व्हंट्समध्येही तो असतो, कारण त्यांचं कामच नळीत चिकटलेलं तांबं काढायचं. बाटलीवर वाचून घ्यायचं.

‘पन हे फोड आत्याचे न्हाईत,’ चाचा म्हणाले. ‘हे ह्याचे.’ आणि त्यांनी केस टेबलावर आपटली.

केस म्हणजे आमची शान! आज्जानं चप्पल लाइनीतल्या कारागिराकडून मुद्दाम शिवून घेतलेली, अस्सल कोल्हापुरी चामड्याची. हे चामडं बाभळीची साल आणि हिरडा घालून कमावतात. पायात घालायला त्याला तोड नाही. पण त्या साली-हिरड्याची आम्लं चामड्यात राहतात आणि चामडं पावसाळ्यातली हवा स्पंजासारखी पिऊन बसतं. त्यात धातू महिनोन्महिने ठेवला की काय होणार? काडतुसांवरचा हिरवा थर तोच, पितळ आणि चामड्याच्या भांडणातला. केस ही बरोबर न्यायला असते, ठेवायला नाही.

आणि आमची निकेलवाली त्यात किती दिवस होती? हिशेब मांडला तर मलाच लाज वाटली. १६ मार्चला लोकसभेची आचारसंहिता लागली. निवडणुकीच्या काळात लायसन्सची हत्यारं जमा करायचा निरोप पोलिसांकडून येतो, बँकांचे गार्ड आणि नेमबाज खेळाडू वगैरेंना यातून सूट मिळू शकते. पप्पांनी मार्चअखेर ती आहे तशी, केसमध्ये घालून जमा केली. कोल्हापूरचं मतदान ७ मेला, निकाल ४ जूनला. जूनच्या मध्यावर, पाऊस सुरू झाल्यावर, ती परत मिळाली आणि पप्पांनी तशीच कपाटात ठेवली. उघडली ती थेट नवमीला. साडेसहा महिने! चूक कुणाची? आमची. जमा करताना केस काढून घ्या एवढंच कुणी सांगितलं नव्हतं आणि आम्हीही विचारलं नव्हतं.

बफ मारायचं कुणी नाव काढलं?

मग मी दादाच्या उद्यमनगरातल्या दोस्ताचा विषय काढला. चाचांनी काही न बोलता रिव्हॉल्व्हर उलटी केली आणि मुठीच्या तळाशी बोट ठेवलं. तिथे नंबर कोरलेला. तोच नंबर पप्पांच्या लायसन्सच्या पुस्तकात.

‘बफचं चाक हितनं फिरलं की नंबर पुसट. मग ही बंदूक कुनाची?’

मी मग घरी येऊन नीट वाचलं. शस्त्र कायद्याचं आठवं कलम सरळ सांगतं, की हत्यारावरचं नाव, नंबर किंवा ओळखीची खूण पुसायची नाही, काढायची नाही, बदलायची नाही. म्हणजे तीन फोड घालवायच्या नादात तीन पिढ्या कायदेशीर असलेली वस्तू आम्ही एका तासात बेकायदा करून बसलो असतो. शिवाय दुरुस्तीचं लायसन्स नसलेल्या वर्कशॉपमध्ये ती ठेवून येणं हाच वेगळा घोळ. दादाला फोनवर हे सांगितलं, तर म्हणाला, ‘असूदे की मग, डाग चांगलं दिसतंय.’

माझं मत विचाराल तर कायदा बाजूला ठेवूनही पुन्हा निकेल चढवणं मला पटलं नसतं. बफनं कडा गोल होतात, अक्षरं बुजतात आणि आज्जाच्या हाताची झिजलेली जागा जाते.

रविवारचा उद्योग

चाचांनी सांगितलं त्याप्रमाणे रविवारी जेवणं झाल्यावर आम्ही माडीवर बसलो. पप्पा समोर खुर्चीत, कारण लायसन्स त्यांचं. काडतुसं खालच्या खोलीत कुलपात. सिलिंडर उघडून सहा घरं मी मोजली, मग पप्पांनी मोजली. तुम्हाला हे अति वाटेल. पण साफ करताना गोळी सुटल्याच्या बातम्या आपण वाचतो ना, त्या सगळ्यांच्या तोंडी ‘रिकामी आहे असं वाटलं’ हेच वाक्य असतं. पप्पांनी त्यावर आज्जाची एक सवय सांगितली. सहा घरांत तो पाचच काडतुसं भरायचा, घोड्याखालचं घर कायम रिकामं. जुन्या रिव्हॉल्व्हर पडल्या तर घोड्याला धक्का बसून बार उडायची भीती, म्हणून. मला तोवर वाटायचं, आज्जा कंजूष होता.

पहिल्यांदा धूळ. आज्जाच्या धोतराचा मऊ, दहा वेळा धुतलेला तुकडा. धूळ न काढता पॉलिश करणं म्हणजे गाडी मातीसकट पुसण्यासारखं आहे, ओरखडे ठरलेलेच. फटींमध्ये लहान मुलांचा मऊ टूथब्रश. तारेचा ब्रश, काथ्या, स्टीलची घासणी यांना माडीवर प्रवेश नाही!

नळी आतून निकेलची नसते, त्यामुळे तिथे सळईला कापडाची चिंधी लावून अमोनिया नसलेलं सॉल्व्हंट चालतं. फक्त ते ओघळून बाहेरच्या अंगावर येऊ द्यायचं नाही, आलं तर लगेच पुसायचं, भिजत तर मुळीच ठेवायचं नाही. रिव्हॉल्व्हर तोंडाकडूनच साफ करावी लागते, तेव्हा सळई नळीच्या ओठाला घासणार नाही इतकं सांभाळायचं. नेम त्या ओठावर ठरतो. पप्पांनी तिच्यातून बार काढल्याचं मला आठवत नाही, तरी चिंधी काळी आली. कुणाचा बार होता तो? आज्जाचा? पप्पांनाही सांगता येईना.

सिलिंडरच्या तोंडाशी सहा काळी वर्तुळं होती. दारूच्या जाळाची. माझा हात शिवशिवत होता, पण चाचांची सक्त ताकीद होती : ती राहू द्यायची. काळी खूण घालवायला घासलं की आधी निकेल जातं, मग खूण.

बाजूचे स्क्रू खोलायचे नाहीत. हे माझ्यासारख्या इंजिनिअरला सांगणं फार गरजेचं होतं, कारण स्क्रू-ड्रायव्हर मी आधीच खिशात घातला होता.

फोडांवर पातळ खनिज तेलाचा एकेक थेंब, शिलाई मशीनला घालतात ते चालतं. अर्धा तास मुरू दिलं आणि टूथपिकच्या बोथट टोकानं फक्त सुटलेला गंज टिपून घेतला. पापुद्र्याच्या कडेला हात लावायचा नाही, नाहीतर तो सोलत जातो. खोबरेल तेलाचं नाव मात्र काढू नका. आमच्याकडे तेच वापरायचे. थंडीत ते थिजतं, हळूहळू चिकट होतं आणि त्या चिकट्यावर धूळ बसते.

धुरकट डागांसाठी चाचांनी अमोनिया नसलेल्या, अगदी बारीक पॉलिशचं बोटाच्या टोकाएवढं कागदात बांधून दिलं होतं. ‘आता एकदा. परत न्हाई.’ डाग सगळे गेले नाहीत. निम्मे गेले असतील. मग अंगावर मेणाचा पातळ हात. संग्रहालयांत धातूच्या वस्तूंना मायक्रोक्रिस्टलाइन मेण लावतात, तसलं. ते ऑनलाइन मागवता येतं. न्यू पॅलेसच्या शहाजी छत्रपती संग्रहालयातली हत्यारं लहानपणापासून बघत आले होते, पण त्यांची देखभाल हा कुणाचा तरी रोजचा उद्योग असेल हे त्या दिवशी पहिल्यांदा डोक्यात आलं.

हिरवी काडतुसं? ती पुसून परत वापरायची नसतात. आणि काडतुसांना तेल तर कधीच लावायचं नाही, ते आत झिरपून बार फुसका करतं. पप्पांनी ती दुकानात नोंद करून परत केली.

दुधाळीच्या शूटिंग रेंजवर जाणाऱ्या एका मैत्रिणीला हे सगळं सांगितलं, तर तिला भलतंच नवल वाटलं. ‘यात विशेष काय? आमचं हे रोजचंच.’ बरोबर आहे. २०१० मध्ये म्युनिकला जगज्जेती झालेली तेजस्विनी सावंत, २०१८ च्या एशियाडमध्ये पिस्तुलात सुवर्ण जिंकणारी राही सरनोबत, २०२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये ब्राँझ आणणारा राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचा स्वप्नील कुसाळे... ही सगळी आमच्याच जिल्ह्याची. मैत्रिणीची एक टिप मात्र मी लगेच उचलली : हाताळून झाल्यावर बोटांचे ठसे पुसल्याशिवाय पेटी बंद करायची नाही. घामातलं मीठ रात्रभरात काम करतं.

डबा

मंगळवारी, १५ ऑक्टोबरला विधानसभेची आचारसंहिता लागली. पुन्हा निरोप, पुन्हा जमा! पण या वेळी केस घरी राहिली. निकेलवाली गेली ती तेलाचा हलका हात दिलेल्या सुती कापडात, घट्ट झाकणाच्या प्लास्टिकच्या डब्यातून, सोबत सिलिका जेलच्या पुड्या. जमा करून घेणाऱ्या हवालदारांनी झाकण उघडून बघितलं आणि विचारलं, ‘मॅडम, डब्यात काय लाडू आणलाय काय?’ पप्पांनी पावतीवरचा नंबर मुठीवरच्या नंबराशी ताडून बघितला. तो नंबर जाग्यावर होता.

डिसेंबरमध्ये ती परत आली. मी त्यासाठी वीकेंडला कोल्हापूरला गेले होते. सिलिका जेलचे निळे दाणे दमट झाले की गुलाबी पडतात. आमचे निळेच होते. तीन फोड तीनच होते.

आता राहिला नावावर करायचा प्रश्न. लायसन्सधारक ७० वर्षांचा झाला किंवा त्याच्याकडे हत्यार २५ वर्षं असलं, तर तो हयात असतानाच वारसासाठी अर्ज करता येतो, अशी सोय २०१६ च्या शस्त्र नियमांत आहे. आम्ही दोन्हींत बसतो. सुरक्षिततेचं ट्रेनिंग घ्यावं लागतं, कुलपात ठेवायची सोय दाखवावी लागते. २०१९ च्या दुरुस्तीनंतर एका माणसाला जास्तीत जास्त दोनच हत्यारं ठेवता येतात, मला एकीचंच झेपेना! गरज आहे का म्हणाल, तर नाही. गरज नाही म्हणून ती जमा करायची, हे आईचं मत आहे आणि ते चूक आहे असं मला म्हणता येत नाही. मी ट्रेनिंगची चौकशी करून ठेवली आहे. अर्जाचा कागद माझ्या बॅगेत पुणे-कोल्हापूर-पुणे करतो आहे.

२०२५ ची नवमी १ ऑक्टोबरला आली. पाट मांडला, तांबडं कापड अंथरलं. आत्या नेहमीसारखी ताम्हण घेऊन आली, तिच्या दुसऱ्या हातात चिंचेची वाटी होती. मी काही बोलायच्या आत तिनंच ती विळीकडे सरकवली. मग कुंकवात बोट बुडवलं, निकेलवालीपाशी नेलं आणि तिथेच थांबली.

‘हिला कुठं लावू गं?’

पप्पांनी शेजारी एक सुपारी ठेवली. आत्यानं तिला कुंकू लावलं, झेंडूचं फूल मात्र सवयीनं नळीवर ठेवलं. पाणी शिंपडलेलं, ओलं फूल. आरती संपेपर्यंत माझं सगळं लक्ष त्या फुलावर होतं.